अनयसिंधूचा खेद

जगदीश्वर कवीच्या ‘हास्यार्णव’ या संस्कृत प्रहसनात अनयसिंधू नावाचा राजा आपल्या नगरीची वार्ता विचारतो आणि ती ऐकून खिन्न होतो. दुष्काळ पडला किंवा शत्रू चालून आला म्हणून नव्हे. स्त्रिया पतिव्रता आहेत, पुरुष एकनिष्ठ आहेत आणि सज्जनांना मान मिळतो आहे, म्हणून! त्याचा परिवारही त्याला शोभणाराच. वैद्य व्याधिसिंधू पोटशूळावर उपाय म्हणून टाळूला तापलेली सुई लावतो. नगररक्षक साधुहिंसक नगरी चोरांच्या हाती गेल्याचे वृत्त हर्षाने निवेदन करतो. सेनापती रणजंबुक चिलखत चढवून एका जळवेचे दोन तुकडे करतो. (या नावांचा मराठीत अनुवाद करावा लागत नाही, ही कवीची अनुवादकावर कृपाच.)

प्रेक्षक पोट धरून हसतो. परंतु हा राजा खरोखर मूर्ख आहे काय? मूर्खाला काही उमजत नाही. अनयसिंधूला सज्जन कोण हे अचूक ओळखता येते. एरवी सज्जनांचा मान पाहून त्याला दुःख झालेच नसते.

गीतेच्या अठराव्या अध्यायात बुद्धीचे तीन प्रकार आहेत. राजसी बुद्धीला धर्माधर्म यथार्थ कळत नाहीत. तामसी बुद्धी मात्र अधर्मालाच धर्म मानते आणि सर्व अर्थ ‘विपरीत’ पाहते. भरतमुनींनीही हास्याची कारणे सांगताना हाच शब्द योजला आहे: विपरीत अलंकार. पायातले पैंजण गळ्यात बांधले की हसू येते. रंगभूमीवर जे हास्याचे कारण, तेच बुद्धीत शिरले की भगवंत त्याला तमाने झाकलेले म्हणतात.

आता आपल्या प्रपंचाकडे पाहू. मुलीला स्थळ सांगून आले की वेतनाबरोबर वरकमाईचीही चौकशी होते, आणि ती असल्याचे कळले की समाधान वाटते. मुलाने देऊ केलेली लाच नाकारली, तर “याला व्यवहार कळत नाही” असे म्हणून बाप सुस्कारा टाकतो. त्याचे दुःख खोटे नसते; ते पुत्रप्रेमातूनच आलेले असते. अनयसिंधूचा खेदही खराच होता. प्रहसन पाहताना आपण त्याला हसू शकतो, कारण आपण त्याच्या दरबारात बसलेले नसतो. घरात बापाचा सुस्कारा ऐकून आई मान हलवते, शेजारी सांत्वन करतात, आणि मुलगा अपराध्यासारखा खाली पाहत उभा राहतो.