सुधीर पटवर्धन: शरीर, शहर आणि अंतर

सुधीर पटवर्धन यांचा जन्म 1949 मध्ये पुण्यात झाला. चित्रकलेचे रीतसर शिक्षण त्यांनी घेतलेले नाही. 1972 मध्ये पुण्याच्या सशस्त्र सेना वैद्यकीय महाविद्यालयातून ते डॉक्टर झाले आणि 1975 ते 2005 अशी तीस वर्षे ठाण्यात क्ष-किरणतज्ज्ञ होते. क्ष-किरणांत दिसणाऱ्या हाडांवर जात किंवा हुद्दा उमटत नाही. पटवर्धनांना रंगवायचे होते ते मात्र नेमके तिथे न दिसणारे: कष्टाने आणि थकव्याने शरीराला येणारी ठेवण.

सत्तरच्या दशकात त्यांच्यावर डाव्या विचारांचा प्रभाव होता. 'इराणी रेस्टॉरंट'सारख्या (1977) चित्रांतली माणसे ठसठशीत, जड अंगाची आहेत. मध्यमवर्गीय डॉक्टरने कामगार रंगवावा कोणत्या नात्याने, हा पेच त्यांनी लपवला नाही. जवळिकीचा आव न आणता ते अंतर राखून पाहत राहिले, आणि या चित्रांचे बळ त्या संकोचातच आहे. अमूर्त चित्रकलेचा दबदबा असताना 1981 मध्ये 'प्लेस फॉर पीपल' हे मानवाकृतीप्रधान चित्रांचे प्रदर्शन झाले. त्यात भूपेन खक्कर, गुलाममोहम्मद शेख, नलिनी मलानी या चित्रकारांसोबत तेही होते.

पुढे माणूस लहान होत गेला आणि चौकटीत ठाणे शिरले: वस्त्या, पूल, रेल्वेचे रूळ. एकाच चित्रात अनेक ठिकाणांहून पाहिलेले दृश्य येऊ लागले. छत्रपती संभाजीनगरहून अजिंठ्याला जाणाऱ्याला हा अनुभव नवा नाही. सतराव्या लेण्यातल्या विश्वंतर जातकासमोर एका जागी उभे राहून भागत नाही, नजरेला भिंतीवरून चालावे लागते. हा प्रभाव नव्हे, साम्य.

'लोअर परळ' (2001) येईपर्यंत मुंबईतल्या गिरणी कामगारांच्या 1982च्या संपाला दोन दशके होत आली होती. गिरण्यांच्या जागी टॉवर चढत होते आणि कामगाराच्या ज्या देहावर पटवर्धनांची चित्रकला उभी होती, त्यालाच शहरात जागा उरली नव्हती. सात फलकांच्या 'मुंबई प्रॉव्हर्ब्ज'मध्ये (2014) या शहराचा इतिहास आणि वर्तमान शेजारी शेजारी आले.

2005 नंतर ते पूर्णवेळ चित्रकार झाले. समकालीन चित्रे मुंबईबाहेरच्या रसिकांपर्यंत जावीत म्हणून त्यांनी 'एक्स्पांडिंग होरायझन्स' हे फिरते प्रदर्शन महाराष्ट्रातल्या शहरांत नेले. 2019 मध्ये मुंबईच्या राष्ट्रीय आधुनिक कला संग्रहालयात त्यांच्या कामाचे सिंहावलोकन करणारे प्रदर्शन भरले. अलीकडच्या चित्रांत घराच्या खोल्या आहेत, वार्धक्य आहे, आणि शहर बहुधा खिडकीबाहेर. इतकी वर्षे लांबून पाहणारा माणूस आता चौकटीच्या आत येऊन बसला आहे.