आम्ही केलं!

मदत नेमकी किती केली म्हणजे माणसाला ‘आम्ही केलं’ म्हणण्याचा अधिकार पोचतो? प्रश्न तत्त्वज्ञानाचा आहे, पण मला तो पडला कुकरमुळे.

झाले असे की, कन्येने मोबाइलवर संत्र्याच्या स्कोनची कृती काढली. स्कोन म्हणजे चहाबरोबर खायचा, धड बिस्कीट नाही आणि धड पाव नाही, असा विलायती पदार्थ. राणीसावरगावात शेजारच्या काकूंना ते नाव गुडघेदुखीच्या मलमाचे वाटले. पण कूळ पाहिले तर तो आपल्याच भावकीतला निघतो. हा शब्द १५१३ सालच्या स्कॉटिश लिखाणात सापडतो. तेव्हा तो ओट किंवा बार्लीच्या पिठाचा करीत आणि तव्यावर भाजीत. म्हणजे ज्वारीच्या भाकरीचा चुलतभाऊच! पुढे त्याला मैदा, लोणी आणि भट्टी मिळाली आणि तो भाकरीला ओळख देईनासा झाला. शहरात गेलेले चुलतभाऊ असेच वागतात.

आमच्याकडे भट्टी नाही. हिने कुकरची शिट्टी अन् रिंग काढली, तळाला मिठाचा थर दिला, वर जाळी ठेवली. मैद्यात थंड लोणी बोटांनी चोळले, सोडा घातला, ताक ओतले. आंबट ताक आणि सोडा यांची गाठ पडली की वायू सुटतो आणि पदार्थ फुगतो. पीठ फार मळले तर मात्र चिवट होतो. ही सगळी माहिती मी स्टुलावर बसून मोठ्याने वाचून दाखवीत होतो. माझ्याकडे प्रत्यक्ष काम एकच होते : दोन संत्र्यांची साल किसणे. वास असतो वरच्या नारिंगी पापुद्र्यात. आतला पांढरा भाग कडू. मी उत्साहाच्या भरात पांढऱ्यापर्यंत पोचलो. हिने माझा कीस मुकाट्याने बाजूला सारला आणि दुसरी दोन संत्री स्वतः किसली.

दुसऱ्या दिवशी डबा बँकेत नेला. साहेबांनी एक खाल्ला, दुसरा उचलला आणि विचारले, “वा! कुणी केले?”

“आम्हीच केले घरी,” मी म्हणालो.

नेमकी तेव्हाच ही पासबुक भरून घ्यायला काउंटरवर उभी होती.

‘आम्ही’ हा शब्द लबाड आहे. राजे, लेखक आणि नवरे तो एकट्यासाठी वापरतात.

घरी गेल्यावर ही एवढेच म्हणाली, “अहो, साहेबांना कृती सांगायची राहिली की. ताक किती घातलं होतं आपण?”

मी गप्प. रात्री मात्र अंथरुणात बचाव तयार केला. मैदा, लोणी, संत्री माझ्या पगारातली, बी.कॉम.ला शिकल्याप्रमाणे भांडवल माझे. पण मग गृहकर्ज देणारी बँक उद्या वास्तुशांतीला येऊन म्हणेल, “हे घर आम्ही बांधलं!” संयुक्त खात्याचा नियम लावून पाहिला, तर तो अधिकच अंगाशी आला. भरणार एकटी ही आणि काढणार मी.

गंगाखेड आमचा तालुका. ते जनाबाईंचे गाव. त्यांच्याबरोबर विठ्ठल दळू लागला, अशी आपली श्रद्धा. तो काही स्टुलावर बसला नव्हता, त्याने खुंटा धरला होता. तरी “आम्ही दळलं” असे तो चारचौघांत म्हणाल्याचे ऐकिवात नाही. सांगितले ते जनाबाईंनी. म्हणजे श्रेयातला वाटा मदतनिसाने उचलायचा नसतो. जिचे काम, तिने तो द्यायचा असतो. देवाला कळले ते मला कळायला बेचाळीस वर्षे आणि चार संत्री लागली.

सकाळी साहेबांच्या केबिनमध्ये गेलो. “साहेब, कालची एक नोंद उलटवायची आहे. ते स्कोन हिने केले. मी नुसता वाचत होतो.”

साहेब हातातल्या डब्याकडे बघत राहिले. मग हळूच म्हणाले, “परवा माझ्या भाजीचं तुम्ही कौतुक केलंत, तेव्हा मीही काहीतरी बोललो होतो, नाही?”

ही गोष्ट मी घरी सांगितली नाही. पण आमच्या शाखेत गुपित फक्त लॉकरमध्ये राहते. पुढच्या रविवारी हिने किसणी अन् दोन संत्री माझ्यापुढे ठेवली.

“किसा,” ती म्हणाली. “फक्त पांढऱ्याच्या अलीकडे थांबा.”