साक्ष कुणाची?

जुने चित्रण म्हणजे पुरावा, असे आपण सहज मानतो. पण कॅमेरा कुणाच्या हातात होता, हे विचारत नाही. मे १९४२ मध्ये नाझी पथकाने वॉर्साच्या घेटोत, ज्यूंना कोंडलेल्या वस्तीत, सुमारे तासाभराचे मूक चित्रण केले. पुढे माहितीपटांनी ते तिथले खरे जीवन म्हणून वापरले. १९९८ मध्ये आणखी एक रीळ सापडले. तेच प्रसंग पुन्हा पुन्हा करवून घेतल्याचे त्यात दिसते. २०१० च्या ‘अ फिल्म अनफिनिश्ड’मध्ये याएल हर्सोन्स्की यांनी ते दाखवले.

मेजवानी रचलेली होती. रस्त्यावरची प्रेते खरी होती. मग हे चित्रण नष्ट करावे काय? नाही. त्यातल्या कित्येकांची दुसरी खूणही उरलेली नाही. मात्र ते कुणी, केव्हा, कशासाठी टिपले, हे सांगितलेच पाहिजे. नाहीतर मारेकऱ्याची साक्ष आपण मृतांच्या नावावर खपवतो.