दगडू

माझ्या बापाचं नाव दगडू. हे साधं वाक्य कागदावर लिहायला मला चाळीस वर्षं लागली. शाळेच्या दाखल्यावर मास्तरांनी लिहिलं तेवढंच. पुढं जिथं जिथं सही केली तिथं मधे नुसता 'डी'. कुणी खोदून विचारलं तर दिनकर सांगायचो.

बाप ७२ च्या दुष्काळात गाव सोडून इकडं आला. पारसिकच्या डोंगरात खडी फोडली. फोडणाऱ्याचंही नाव दगडू, म्हणून मुकादम हसायचा. बापही हसायचा. मला मात्र ते हसू आजवर गिळता आलं नाही.

गेल्या महिन्यात धाकट्या भावाला मुलगा झाला. दिवाळ्यात, खाडीकाठच्या आमच्या भाड्याच्या खोलीत बाळ आणलं. आई म्हणाली, "ह्याचं नाव दगडूच ठिवा. म्हाताऱ्याचं नाव चालू ऱ्हाईल."

भाऊ उसळला. "बाबासाहेबांनी दगडाचा माणूस केला, आन् तू परत दगड करतीस?"

आई एवढंच बोलली, "मग ज्या माउलीनं हे नाव ठिवलं ती काय येडी हुती?"

त्या रात्री झोप लागली नाही. प्रश्न बरोबर होता.

आजीची तीन पोरं पाठोपाठ गेली होती. चौथा माझा बाप. पोरं जगत नसली की बाया असंच करायच्या. सटवीला वाटावं, ह्या पोरात घेण्यासारखं काही नाही. म्हणून दगडू, धोंडू, कचरू, केरू, उकिर्डा. ना दवाखाना, ना औषध. आईच्या हातात फक्त एक नाव होतं. तिनं ते ढालीसारखं पुढं धरलं. ह्यात तुच्छता कुठाय? ही तर भ्यालेली माया आहे.

तुच्छता दुसरीकडं आहे. मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायात नावांचा कायदाच आहे. ब्राह्मणाचं नाव मंगल असावं, क्षत्रियाचं बळाचं, वैश्याचं धनाचं, आणि शूद्राचं किळस यावी असं. आपण तर त्या उतरंडीच्याही बाहेर. ते पुस्तक २५ डिसेंबर १९२७ ला महाडात जाळलं ते उगाच नाही.

पण मग कोडं पडतं. धोंडो हे नाव ब्राह्मणांतही होतंच. धोंडो केशव कर्वे महर्षी झाले, १९५८ ला भारतरत्न झाले. धोंडा तोच. तिकडं धोंडोपंत, इकडं धोंड्या. म्हंजे अपमान शब्दात नव्हता, शब्दाच्या शेपटीत होता, हाक मारणाऱ्याच्या जिभेवर होता. शेंदूर फासला की ह्याच देशात दगडाचा देव होतो. दगडूला मात्र देवळाच्या पायरीवर जागा नाही.

दया पवारांचं मूळ नाव दगडू मारुती पवार. १९७८ च्या 'बलुतं'मध्ये दगडू आपली कहाणी दया पवारला सांगतो. एकाच माणसाचे हे दोन तुकडे. शिकलेला, पांढरपेशा झालेला एक, आणि मागं राहिलेला एक. मी काय केलं? मी माझ्यातल्या दगडूला बोलूच दिलं नाही. त्याला 'डी' करून गप्प बसवला.

मग पोराचं नाव दगडू ठेवायचं का? नाही. बाबासाहेबांच्या घरातही मरण येऊन बसलं होतं. पाच लेकरांतली चार गेली. तरी शेवटच्या पोराचं नाव त्यांनी राजरत्न ठेवलं. तोही १९२६ ला गेला. पण त्यांनी त्याला मरणाच्या भयानं केरात लपवलं नव्हतं. आपल्या पोरांना आता लपवायचं नाही, दिसू द्यायचं आहे.

कुणी म्हणेल, नाव म्हंजे नुसतं लेबल. नागसेनानंही मिलिंद राजाला तेच सांगितलं. चाकं, आस, जू वेगळं केलं तर रथ सापडत नाही. रथ हे व्यवहारापुरतं नाव, तसंच नागसेन हेही. मला हे पटतं. म्हणून तर दगडू दगड नव्हता आणि महार म्हणून जन्मलेला कुणी हीन नव्हता. पण व्यवहार खोटा म्हणून त्याचे चटके खोटे ठरत नाहीत. मराठवाडा विद्यापीठाचा नामांतराचा ठराव १९७८ चा, नामविस्तार १९९४ चा. मधल्या सोळा वर्षांत घरं जळाली, माणसं मेली. नावाला किंमत नसती तर त्यांनी एवढं जाळलं कशाला असतं?

तेव्हा आमच्यापुरता निकाल असा. पोराचं नाव मिलिंद. प्रश्न विचारणारा राजा होता तो. आणि जन्माच्या दाखल्यावर भावाच्या नावापुढं बापाचं नाव आख्खं, 'दगडू', काना-मात्रा न चोरता. माझ्याही कागदांवरचा 'डी' मी आता काढतोय. आईला दाखला वाचून दाखवला. ती म्हणाली, "त्येवढं दगडू परत वाच."

पोरांनो, उद्या तुमच्या सभेत कुणी कचरूबाबा, धोंडिबा उभा राहील. वहीत त्याचं नाव पूर्ण लिहा. खाली 'बा' लावा, 'राव' लावा, पण नाव बदलू नका. मनूनं दिलेला त्या नावाचा अर्थ आपण जाळला. आईनं दिलेला अजून जपायचा आहे.

जय भीम.