अंगठा कुणाचा?

माणसाला लिहिता-वाचता येतं की नाही, हे ठरवण्याचा अधिकार आपल्या देशात दोघांनाच आहे. एक शिरगणतीला येणारे मास्तर आणि दुसरा बँकेचा कारकून. मास्तर दहा वर्षांतून एकदा येतात, हल्ली तर तेही लांबतं. आम्ही मात्र रोज सकाळी दहाला हजर.

वीसेक वर्षांपूर्वी मी काउंटरवर नवा असताना एक आजोबा आले. धोतर, काळी टोपी, वय ऐंशीच्या पुढे. पैसे काढायच्या स्लिपवर त्यांनी सही केली. सही कसली, पावसात भिजलेलं गांडूळ कागद ओलांडून गेलेलं! मी नमुना सहीचं कार्ड काढलं. तिथेही एक गांडूळ होतं, पण त्याचं वळण जरा निराळं. बी.कॉम.ला आम्हाला हिशेब, ऑडिटिंग, झालंच तर बँकिंगचा कायदासुद्धा शिकवला होता. गांडुळं जुळवायला कुणी शिकवलं नव्हतं. मी आवाजात होता नव्हता तेवढा गोडवा आणून म्हणालो, "आजोबा, सही राहू द्या. सरळ अंगठा लावा ना, म्हणजे त्रास नाही."

आजोबांनी मुकाट्याने अंगठा लावला. मग शाईचं पॅड माझ्याकडे सरकवत म्हणाले, "आता तुम्ही लावा."

"मी कशाला?"

"मला लिहिता आलं. तुम्हाला वाचता आलं नाही. मग अंगठा कुणी लावायचा?"

रांगेतले लोक हसले. मीही हसलो. ती सही मोडीत होती, हे आमच्या हेडकॅशियरने मागाहून सांगितलं.

मोडी म्हणजे आपल्या मराठीचीच धावती लिपी. देवगिरीच्या यादवांचा प्रधान हेमाद्री, म्हणजे आपला हेमाडपंत, याने ती चालू केली अशी परंपरेची समजूत आहे. पोथ्यापुराणं बाळबोधीत आणि कारभार मोडीत, अशी शतकानुशतकं वाटणी होती. आमच्या तळेगावच्या सेनापती दाभाड्यांचा कारभारही मोडीतलाच. आधी कागदभर आडवी रेघ ओढायची आणि मग बोरू फारसा न उचलता अक्षरं तिला टांगत जायची. दोन शब्दांत अंतर नाही, विरामचिन्हं नाहीत, आणि सर्वांत मोठं सुख म्हणजे इकार-उकारात ऱ्हस्व-दीर्घाची कटकट नाही. चौथीत शुद्धलेखनापायी मी जेवढ्या छड्या खाल्ल्या, त्या पाहता पेशवाईत जन्मलो असतो तर विद्वानांत जमा झालो असतो.

ही लिपी कुणी मारली नाही. विल्यम कॅरीने १८१० साली बंगालमधल्या श्रीरामपुराहून मराठी कोश छापला, तो मोडी टाइपातच. पण पुढे छापखान्याला बाळबोधी सोयीची पडली, टाइपरायटर आला, आणि विसाव्या शतकाच्या मध्याला शाळेतून मोडीचा तास गेला. आजोबा मात्र होते तिथेच होते. काल साक्षर होते, आज निरक्षर झाले. एक अक्षरही न विसरता!

आता आमच्या भागात उलटा प्रकार. तळेगावचा मोटारींचा कारखाना कोरियातल्या ह्युंदाईने घेतला. त्यांची लिपी राजा सेजोंगने १४४६ साली जाहीर केली, ती अडाणी रयतेला चटकन शिकता यावी म्हणून. पण उद्या कोरियन साहेबाने त्या लिपीत सही केली, तर त्याला "अंगठा लावा" म्हणायची माझी छाती आहे का? उलट मीच म्हणेन, "वा साहेब, काय वळण आहे!" म्हणजे निरक्षर कोण, हे अक्षरावर ठरत नाही. काउंटरच्या कुठल्या बाजूला कोण उभा आहे, यावर ठरतं.

हे ज्ञान मला घरातच पक्कं झालं. आमच्या पत्र्याच्या ट्रंकेत पणजोबांचा एक मोडी कागद होता. चाकण-तळेगावात जमिनीचे भाव चढू लागले तसा त्या कागदाचाही चढू लागला. कागद जमिनीचाच, यावर काका-पुतण्यांचं एकमत होतं. (आमच्या घरातलं हे एकमेव एकमत.) पण वाचायचा कुणी? २०२३ साली शिंदे समिती जुन्या कुणबी नोंदी शोधू लागली, तेव्हा मोडी वाचणाऱ्यांना एकदम मुहूर्ताच्या भटजींचा भाव आला. शेवटी मीच मोडीच्या वर्गाला नाव घातलं. चार महिने रात्री पाटी घेऊन बसलो. बायको म्हणाली, "यात नवीन काय? तुमचं अक्षर आधीपासूनच असं आहे."

आणि एका रविवारी सगळ्या भाऊबंदांसमोर मी कागद वाचला. पणजोबांनी शेजाऱ्याकडून दोन मण भात उसनं घेतलं होतं. सुगीला परत देतो, असं स्वतःच्या हाताने लिहून दिलं होतं. फेडल्याची खूण कुठेच नाही.

घरात शांतता. मग काका म्हणाले, "मोडीचं काही खरं नसतं रे. एक लिहावं, दुसरंच वाचलं जातं." पाच मिनिटांत डबल ग्रॅज्युएटांसकट सगळं घराणं निरक्षर झालं. तेव्हा मला कळलं, की न वाचता येणं निराळं आणि वाचायचं नसणं निराळं. पहिलं चार महिन्यांत बरं होतं. दुसऱ्याला औषध नाही. त्या दिवशी आजोबांच्या सहीपुढे मीही काही फार वेगळा नव्हतो. "हे काय लिहिलंय?" एवढं विचारलं असतं तर त्यांनी सांगितलं असतं. मी विचारलंच नाही. ते देणं तसंच राहिलं. मला मोडी येईपर्यंत ते खातं कधीच बंद झालं होतं.

भाताचं तरी फेडावं म्हणून शेजाऱ्यांच्या पणतूकडे गेलो. चक्रवाढ व्याज धरलं असतं तर अख्ख्या मावळातलं भात पुरलं नसतं, म्हणून व्याज माफ करून घेतलं आणि इंद्रायणी तांदळाचं एक पोतं दिलं. कागद हातात घेऊन तो म्हणाला, "काका, हे काय लिहिलंय?"

मी सगळं वाचून दाखवलं. मग बँकेची खोड जाईना, म्हणून पोच मागितली. त्याने सही केली. इंग्रजीत. अगदी गांडूळ.

मी मुकाट्याने घडी करून खिशात ठेवली. अंगठा मागितला नाही.