कवच आणि पावती

मराठीत देहरक्षणाच्या साधनांना शब्द थोडे नाहीत. कवच, चिलखत, बख्तर, शिरस्त्राण, ढाल अशी एक लहानशी शस्त्रशाळाच आपल्या भाषेत सांभाळलेली आहे. मात्र ती सगळी योद्ध्यासाठी आहे. राबणाऱ्या माणसाचा देह राखण्यासाठी भाषेने असे भारदस्त शब्द घडवले नाहीत. त्याच्या वाट्याला आले ते इरले, चुंबळ, घोंगडी, फडके. कोकणात भातलावणीला वाकलेल्या बाईच्या पाठीवर बांबूचे आणि पानांचे इरले असते. ओझे वाहणाऱ्याच्या माथ्यावर जुन्या लुगड्याच्या चिंधीची चुंबळ असते. ही साधने कोणी मालकाने पुरवलेली नव्हेत. ज्याच्या पाठीवर पाऊस पडणार होता त्यानेच ती शोधली, स्वतःच्या मापाने विणली, आणि ती मिळाल्याची पावती त्याला कोणाला लिहून द्यावी लागली नाही.

माझे थोरले मामा गिरणगावात, कापूस पिंजण्याच्या खात्यात होते. नाकावर रुमाल बांधून ते पाळीला उभे राहत. त्या रुमालाला घरात कामाचा रुमाल म्हणत आणि तो वेगळा धूत. रविवारच्या सुटीनंतर सोमवारी त्यांची छाती आवळल्यासारखी होई आणि आठवडा सरकता सरकता सैल पडे. पुढे बिसिनोसिस हा शब्द वाचनात आला तेव्हा कळले, की सुटीनंतरच्या पहिल्या दिवशी छाती भरणे हे कापसाच्या धुळीने होणाऱ्या त्या रोगाचे नेमके लक्षण आहे. आमच्या आजीचे निदान निराळे होते: सोमवार आला की याला कामाचा कंटाळा येतो! रुमालाने मामांचे किती रक्षण केले हे सांगणे कठीण आहे. पण तो त्यांचा स्वतःचा रुमाल होता, आणि धूळ गिरणीची होती, हा भेद त्यांच्या मनात स्पष्ट असावा. या भेदाविषयी मला काही लिहायचे आहे.

२०२० च्या महामारीत 'पीपीई किट' हा शब्द एका महिन्यात मराठीच्या तळागाळापर्यंत पोहोचला. तोवर 'वैयक्तिक संरक्षक साधने' ही शासकीय परिपत्रकातली शब्दसंहती होती. मार्चच्या अखेरीस काही रुग्णालयांत डॉक्टरांना पावसाळी कोट आणि दुचाकीची शिरस्त्राणे घालून रुग्णांपुढे उभे राहावे लागले. सारा देश हळहळला, आणि ते योग्यच होते. पण ज्या साधनाच्या अभावाने आपण डॉक्टरांसाठी इतके व्याकूळ झालो, त्याच साधनाचा अभाव गटारात उतरणाऱ्या माणसाच्या बाबतीत आपल्याला कधी दिसलाही नव्हता. हे म्हणताना मी स्वतःला वगळत नाही, कारण त्यानंतर दोनच वर्षांनी जे घडले त्यात माझी सही आहे.

आमच्या गृहनिर्माण संस्थेचा मी त्या वेळी चिटणीस होतो. निवृत्त प्राध्यापकाला रिकामा वेळ असतो, या समजुतीने हे पद माझ्याकडे आले होते. मैल्याची टाकी भरली म्हणून ठेकेदाराला बोलावले. सक्शनची गाडी आली, तिने पातळ भाग ओढून घेतला. तळाशी घट्ट बसलेला गाळ राहिला. तो काढायला दोन माणसे आली. त्यांच्याबरोबर एक नवाकोरा खोका होता. त्यातून प्लॅस्टिकच्या वेष्टनातले गमबूट, रबरी हातमोजे, पिवळे हेल्मेट आणि एक पांढरा मास्क निघाला. दोघांतल्या वयाने मोठ्या माणसाने ते सगळे अंगावर चढवले, टाकीच्या झाकणाशी उभे राहून त्याचे छायाचित्र काढण्यात आले. मग ठेकेदाराच्या मुकादमाने एक छापील कागद माझ्यापुढे धरला: सुरक्षा साधने पुरवली असून कामगाराने ती परिधान केली आहेत. मी चष्मा लावून तो वाचला. भाषा निर्दोष होती. मी सही केली.

सहीची शाई वाळायच्या आत त्या माणसाने एकेक वस्तू उतरवून कुंपणाच्या भिंतीवर मांडली. मी म्हणालो, "अहो, हे काढता कशाला?" तो शांतपणे म्हणाला, "काका, फोटो झाला ना? हे घालून आत वाकता येत नाय. बूट दोन नंबर मोठा हाय, गाळात रुतून बसतो." त्याने कमरेला दोर बांधला, दुसऱ्याच्या हाती दिला, आणि तो उतरला. पाऊण तासाने वर आला. बागेच्या नळावर दोघांनी हातपाय धुतले. माझ्या पत्नीने चहा दिला. कोणत्या कपातून, हा प्रश्न तिला एक क्षण पडला, हे मी पाहिले. मग ते गेले. काहीही अघटित घडले नाही.

अघटित घडले असते तर या प्रसंगाचा अर्थ सर्वांना सहज कळला असता. घडले नाही म्हणूनच तो मला छळत राहिला. तो कागद खोटा होता काय? साधने पुरवली होती, परिधानही केली होती, मी डोळ्यांनी पाहिले होते. प्रत्येक शब्द खरा असलेला तो एक असत्य दस्तऐवज होता. साहित्याच्या अभ्यासकाला हा प्रकार अपरिचित नसावा. पण आजवर मी तो इतरांच्या संहितांत शोधत होतो.

नंतर थोडी चौकशी केली. तो पांढरा मास्क धूळ अडवणारा होता. टाकीत धूळ नसते. हायड्रोजन सल्फाइड असतो, मिथेन असतो. हायड्रोजन सल्फाइडचे प्रमाण वाढले की तो आधी घ्राणेंद्रियच बधिर करतो, म्हणजे वास येईनासा झाला की धोका टळला असे वाटते, तेव्हाच तो सर्वांत जवळ असतो. शिवाय जिथे प्राणवायूच कमी आहे तिथे गाळणारा मास्क कितीही उत्तम असला तरी निरुपयोगी. तिथे बाहेरून हवा पुरवणारे साधन लागते. म्हणजे त्या माणसाने सारे काही अंगावर ठेवून उतरायचे ठरवले असते, तरी त्या मास्कने त्याला वाचवले नसते. मास्क ठेकेदाराचे रक्षण करीत होता, आणि माझे.

कायदा पाहिला. मैला हाताने साफ करायला माणूस नेमण्यास मनाई करणारा २०१३ चा अधिनियम आपल्याकडे आहे. 'धोकादायक सफाई' म्हणजे काय, याची त्यातली व्याख्या वाचून मी थबकलो. मालकाने संरक्षक साधने व सफाईची इतर उपकरणे पुरवण्याचे आणि सुरक्षेची काळजी घेण्याचे आपले कर्तव्य न पाळता गटार वा टाकी माणसाकडून साफ करवून घेणे, ती धोकादायक सफाई. या गुन्ह्याला पहिल्या खेपेस दोन वर्षांपर्यंत कारावास, दोन लाखांपर्यंत दंड किंवा दोन्ही. हेतू उघडच भला आहे, आणि माणूस उतरवण्याची वाट पुढच्या नियमांनी अपवादापुरतीच ठेवली आहे. पण व्याख्येची रचना पाहावी. धोका टाकीत आहे, वायूत आहे, असे ती म्हणत नाही. धोका साधनांच्या अभावात आहे असे म्हणते. साधने आली की तीच टाकी, तोच वायू, तोच माणूस, आणि कृत्याचे नाव बदलते. याच अधिनियमात, शासनाने अधिसूचित केलेली उपकरणे आणि संरक्षक साधने वापरून मैला साफ करणाऱ्यास हाताने मैला साफ करणारा मानू नये, असेही स्पष्टीकरण आहे. हातमोजा चढवला की हात नाहीसा होतो! शब्दांनी वस्तू बदलण्याची ही किमया कवींना साधत नाही.

औद्योगिक सुरक्षेचे शास्त्र या बाबतीत कायद्याहून अधिक प्रामाणिक आहे. धोका मुळातच नाहीसा करा. ते जमत नसेल तर कमी घातक पर्याय आणा. तेही नसेल तर यंत्ररचनेने माणूस आणि धोका वेगळे करा. मग कामाची पद्धत सुधारा. आणि हे सगळे करून जे उरेल त्यासाठी अंगावरची साधने द्या, असा त्याचा क्रम आहे. अंगावरचे साधन शेवटच्या पायरीवर आहे. आपण जिना वरून खाली न उतरता थेट तळाच्या पायरीवर उडी मारतो, कारण ती सर्वांत स्वस्त आहे.

इंग्लंडच्या इतिहासात याचे एक जुने उदाहरण आहे. १८१२ साली फेलिंग येथील कोळशाच्या खाणीत स्फोट होऊन ९२ माणसे गेली. त्यानंतर १८१५ मध्ये हम्फ्री डेव्ही यांनी ज्योतीभोवती तारेची बारीक जाळी असलेला दिवा तयार केला. खाणीतला वायू त्याने सहसा पेट घेत नसे. दिवा खरोखर चांगला होता. परिणाम असा झाला, की वायूच्या भीतीने पूर्वी सोडून दिलेले थर खोदण्यासाठी खाणमालक आता माणसे पाठवू लागले. संरक्षणाचे साधन हे धोक्यात शिरण्याचा परवाना झाले. डेव्ही यांना यासाठी दोष देणे अन्यायाचे होईल. पण साधन कोणाच्या हाती कोणत्या हेतूने पडते हे त्याच्या गुणांइतकेच महत्त्वाचे असते.

यावर एक आक्षेप नेहमी येतो, आणि तो सुशिक्षितांकडूनच येतो: "दिले तरी ही माणसे वापरत नाहीत, त्याला कोण काय करणार?" भोपाळच्या कारखान्यात डिसेंबर १९८१ मध्ये फॉस्जीन अंगावर उडालेल्या एका कामगाराने घाबरून मुखवटा काढला आणि त्याचा मृत्यू झाला. मुखवटा काढला ही त्याची चूक, असे म्हणणे सोपे होते. तीन वर्षांनी, १९८४ च्या २ आणि ३ डिसेंबरमधल्या रात्री, त्याच कारखान्यातली टाकी थंड ठेवणारी यंत्रणा बंद होती, वायू जाळून टाकणारा मनोराही कामात नव्हता. आणि ज्यांनी कधी मुखवटा पाहिलाही नव्हता अशी हजारो माणसे झोपेतून उठून धावली. त्यांनी काय काढले होते? व्यक्तीच्या चुकीवर बोट ठेवले की यंत्रणेकडे पाहण्याचे राहून जाते. दोन नंबर मोठा बूट देणाऱ्याची चूक आणि तो काढून ठेवणाऱ्याची चूक एकाच तराजूत घालता येत नाही.

संमतीचेही तसेच. कर्णाने कवचकुंडले जाणूनबुजून दिली. सूर्याने त्याला आधीच सावध केले होते. आपल्या परंपरेने त्याच्या दातृत्वाची स्तुती करताना याचकाच्या हेतूकडे जरा दुर्लक्षच केले आहे. देणारा थोर ठरला की घेणाऱ्याला कोणी विचारत नाही. गटारात उतरणाऱ्याची लेखी संमती घेण्याचीही एक रीत पडली आहे. केंद्र शासनाने करवून घेतलेल्या सामाजिक लेखापरीक्षणाची माहिती २०२५ साली संसदेपुढे आली. २०२२ आणि २०२३ मधील ५४ मृत्यूंची त्यात तपासणी होती. त्यांपैकी ४९ जणांजवळ कोणतेही संरक्षक साधन नव्हते. काहींची लेखी संमती मात्र होती, धोका समजावून न सांगता घेतलेली. साधन पोहोचले नाही, कागद पोहोचला.

चैतन्य ताम्हाणे यांच्या 'कोर्ट' या २०१४ च्या मराठी चित्रपटात मेलेल्या सफाई कामगाराची पत्नी साक्ष देते. तो उतरण्यापूर्वी आत खडा टाकी आणि झुरळ बाहेर येते का पाहत असे. आले तर आत हवा आहे. सरकारी पक्षाला त्याचा मृत्यू एका शाहिराच्या गाण्यामुळे घडलेली आत्महत्या ठरवायचा असतो. मला त्या प्रसंगात न्यायालयापेक्षा झुरळ अधिक आठवते. इरले आणि चुंबळ ज्या बुद्धीने घडली तीच ही बुद्धी आहे. फरक इतकाच, की पाऊस कोणी पाडलेला नव्हता.

मला भेद दिसतो तो इथे. डॉक्टरांपुढे २०२० मध्ये जो विषाणू होता तो टाळता येण्यासारखा नव्हता. रुग्णाला हात लावणे हाच त्यांचा धर्म होता, आणि म्हणून अंगावरचे कवच हे तिथे नैतिकदृष्ट्या निर्मळ साधन होते. अग्निशमन दलाच्या जवानाचेही तसेच. पण काही धोके आपण राखून ठेवले आहेत, कारण यंत्रापेक्षा माणूस स्वस्त आहे, आणि तो माणूस कोणत्या जातीत जन्मणार हेही शतकानुशतके ठरलेले आहे. तिरुवनंतपुरमला २०१८ साली मॅनहोल साफ करणारा यंत्रमानव कामाला लागला. म्हणजे हे अशक्य आहे ही सबब उरली नाही. असे धोके राखून वर साधने वाटणे, हे दान म्हणून मिरवले जाते. वस्तुतः तो कबुलीजबाब असतो. म्हणून साधने देऊ नयेत असे मी म्हणत नाही. जोवर एकही माणूस उतरतो आहे तोवर त्याच्या मापाची, त्या वायूला पुरी पडणारी साधने त्याला मिळालीच पाहिजेत. मात्र ती देणाऱ्याने पावती मागू नये.

आमची टाकी पुन्हा भरली. या वेळी मी दोन ठेकेदारांकडे विचारणा केली. पाण्याच्या जोराने गाळ सैल करून सगळा यंत्रानेच ओढण्याचा खर्च पूर्वीच्या जवळजवळ तिप्पट निघाला. सर्वसाधारण सभेत मी तो प्रस्ताव मांडला. एका सभासदाने विचारले, "गेल्या वेळी काही झाले होते का?" मी म्हणालो, "नाही." दुसरे म्हणाले, "सर, खोका तर तसाच आहे मीटरच्या खोलीत, सगळी साधने आहेत." तो खोका खरोखरच तिथे आहे, त्यातले गमबूट पावसाळ्यात वॉचमन वापरतो, त्याला ते बरोबर बसतात. तिप्पट खर्चाचा विषय पुढच्या सभेपर्यंत तहकूब झाला. दरम्यान माणूस उतरवावा लागला तर त्या कागदावर मी सही करणार नाही, असे मी सांगितले. बराच वेळ कोणी बोलले नाही. मग सहचिटणीस सही करतील, असे ठरले आणि इतिवृत्तात तशी नोंद झाली.