गुह्य ग्रंथ आणि वाचकाचा अधिकार

रामटेकच्या डोंगरावर वाकाटककालीन देवळांचा जो समूह आहे, त्यांत भोगराम नांवाचें एक मंदिर आहे. श्रीचक्रधरांचें तेथें वास्तव्य झालें म्हणून महानुभाव पंथास तें स्थान पवित्र वाटतें. गुजराथेंतील एका प्रधानाचा पुत्र रामटेकच्या यात्रेस म्हणून घरून निघाला, वाटेंत ऋद्धिपुरास त्यास गोविंदप्रभूंचें दर्शन घडलें, आणि पुढें तोच चक्रधर म्हणून प्रसिद्धीस आला, अशी पंथाची कथा आहे. ज्या गद्याचा मराठीनें अभिमान वाहावा, त्याचा उगम या यात्रेपाशीं येऊन पोंचतो. परंतु तेंच गद्य पुढें पांच शतकांहून अधिक काळ कुलुपांत राहिलें. ज्ञान असें कुलुपांत ठेवणें धर्म्य आहे काय, आणि दुसऱ्याचें कुलूप उघडण्याचा अधिकार कोणास पोंचतो, या दोन प्रश्नांचा आम्ही येथें विचार करणार आहों.

इ. स. १२७८ च्या सुमारास म्हाइंभटांनीं 'लीळाचरित्र' सिद्ध केलें. ज्यांनीं चक्रधरांस प्रत्यक्ष पाहिलें होतें, त्यांना गांठून, विचारून, आणि नागदेवाचार्यांकडून पडताळून घेऊन त्यांनीं आठवणी जमविल्या. पुढें खिलजीच्या स्वारीच्या धामधुमींत मूळ पोथी नष्ट झाली, आणि शिष्यांनीं आपापल्या स्मरणानुसार ती पुन्हा लिहून काढली, असें परंपरा सांगते. त्यानंतर चौदाव्या शतकांत सकळ लिपि आली. तिच्यामागून सुंदरी आणि इतर लिप्या आल्या. एका अक्षराच्या जागीं दुसरें अक्षर योजावयाचें, एवढीच तिची मुख्य युक्ति. पण किल्ली जवळ नसणाऱ्यास पान उलटूनहि कांहीं उमगूं नये, इतकी ती पुरेशी होती. विसाव्या शतकाच्या आरंभीं वि. का. राजवाडे यांनीं तिचा उलगडा केला, तेव्हां कोठें या वाङ्मयाचें दार बाहेरच्यांस खुलें झालें.

पंथाची बाजू दुबळी नव्हती. पवित्र वचन अनधिकाऱ्याच्या हातीं जाऊं नये, त्याची विटंबना होऊं नये, आणि एकदां नष्ट झालेलें धन पुन्हा जाऊं नये, ही चिंता समजण्यासारखी आहे. ज्यास छळाची भीति आहे, त्यानें आपली उपासना झांकून ठेविली तर त्यास दोष देण्याचा अधिकार सुरक्षित घरांत बसलेल्या आम्हांस नाहीं.

तथापि या गुप्ततेची किंमत कोणीं दिली, हें पाहिलें पाहिजे. प्रथम ती पंथानेंच दिली. जें दिसत नाहीं त्याविषयीं लोक वाईटच कल्पितात. 'मानभावीपणा' हा शब्द मराठींत ढोंग या अर्थानें रूढ झाला. एका संबंध पंथाचें नांव शिवीसारखें वापरलें गेलें, आणि तिचें खंडन ज्या पोथ्यांनीं केलें असतें, त्या मात्र बासनांत बांधलेल्या! उघडल्यावर त्यांत निघालें काय? जातिभेद न मानणारा एक साधु, त्याला प्रश्नांनीं भंडावणारी महदाइसा, हत्ती आणि आंधळे यांच्यासारखे साधे दृष्टांत. दुसरी किंमत मराठीनें दिली. आपलें सर्वांत जुनें घरगुती बोलणें तिला शतकानुशतकें ऐकावयास मिळालें नाहीं.

शिवाय या कुलुपास पंथाचाच एक आचार विरोध करितो. केशवराज सूरींनीं संस्कृतांत रचना करूं म्हटलें, तेव्हां नागदेवाचार्यांनीं त्यांस आवरलें. कारण तसें झाल्यास साध्याभोळ्या म्हाताऱ्या ज्ञानास मुकतील. ज्या करुणेनें संस्कृताचा अडसर काढला, तिच्याच वारसांनीं पुढें लिपीचा अडसर घातला. आमच्या मतें निर्णयाचें सूत्र येथेंच सांपडतें. स्वतःची साधना गुप्त ठेवणें हा प्रत्येकाचा हक्क होय. परंतु जें वचन मुळांत म्हातारीकोतारीसाठीं उच्चारलें गेलें, ज्याचा ग्रंथ दारोदार विचारून तयार झाला, त्यावर सांभाळणाऱ्याची मालकी चालत नाहीं. तो विश्वस्त आहे.

पण उघडणाऱ्यानें एवढ्यानें हर्षित होऊं नये. १९७८ सालीं वि. भि. कोलते यांनीं संपादिलेली 'लीळाचरित्रा'ची आवृत्ति निघाली, तेव्हां पंथीयांनीं तिच्यांतील कांहीं लीळांवर आक्षेप घेतले आणि वाद न्यायालयापर्यंत गेला. संशोधकास जो पाठभेद, तो भाविकाच्या देवाचा अपमान ठरूं शकतो. अशा वेळीं पाठ दडपणें हा सत्याचा द्रोह होईल. पण तो चवीनें मिरविणें हाहि द्रोहच. कुलूप काढणाऱ्यानें घरांतील माणसांची अदब राखली पाहिजे. जें मिळालें तें न लपवितां सांगावें, जें त्यांचें म्हणणें असेल तेंहि शेजारीं छापावें, आणि त्यांच्या श्रद्धेचें हंसें करूं नये.

हा विचार केवळ विद्वानांचा नव्हे. पुष्कळ जुन्या घरांत लाल फडक्यांत बांधलेली एखादी पोथी असते. तिची पूजा होते, वाचन होत नाहीं. आणि घर बदलतांना ती नदींत सोडली जाते. आमच्या वाचकांनीं ती एकदां सोडून पाहावी, जाणत्यास दाखवावी, तिची नक्कल करून घ्यावी. न वाचलेली पोथी आणि बुडविलेली पोथी यांत, पुढच्या पिढीपुरतें, फारसें अंतर उरत नाहीं.